‘विस्मृतीत गेलेली’ म्हणू नका

बेटिना मॉयस्सी हे नाव तुम्ही ऐकलं नसेल. मागच्या वर्षापर्यंत मीही ऐकलं नव्हतं. आत्ता ज्या फोनवर हे वाचताय त्याच फोनवर शोधून बघा. साधारण असं काहीतरी हाती लागेल : थोर रंगकर्मी अलेक्झांडर मॉयस्सी यांची मुलगी. पिकासोची चित्रं विकणारे नामवंत कलाव्यापारी हाइन्त्स बर्गग्रुएन यांची पत्नी. अब्जाधीश निकोलस बर्गग्रुएन आणि कला-इतिहासकार ऑलिव्हिए बर्गग्रुएन यांची आई. क्रम थोडा इकडेतिकडे होईल. ‘जर्मन अभिनेत्री’ हे दोन शब्दही कुठेतरी असतील. पण त्या दोन शब्दांवर क्लिक करून पुढे जावं असं काही तिथं नसेल. बाकीच्या चारही नावांवर मात्र असेल.

मुलगी, पत्नी, आई. एका बाईचं सगळं आयुष्य तीन पुरुषी पत्त्यांवर पोचतं करून आपण मोकळे.

आणि मग कुणीतरी उसासा टाकून लिहितं, ‘विस्मृतीत गेलेली अभिनेत्री’. माझं भांडण या वाक्याशी आहे. ‘विस्मृतीत गेली’ म्हणजे काय? ती स्वतः चालत गेली? रिक्षानं गेली? या क्रियापदात करणारा कुणी नाहीच. पाऊस पडला, फळ पिकलं, बाई विस्मृतीत गेली. मी सॉफ्टवेअर इंजिनिअर आहे. आमच्याकडे ‘डेटा गेला’ असं कुणी म्हणालं तर पहिला प्रश्न असतो, कुणी डिलीट केला? कोणत्या तारखेला? लॉग काय सांगतो? बेटिना मॉयस्सीच्या बाबतीत तो लॉग थोडाफार वाचता येतो. तो वाचायचाच नाही असं आपण ठरवलेलं असतं, कारण उसासा टाकणं सोपं आहे.

आधी माझ्याबद्दल एवढंच, की मी सिनेमाची अभ्यासक नाही. पुण्यात इंजिनिअरिंग केलं, पुण्यातच नोकरी करते. ऑफिसचा क्लायंट जर्मन, म्हणून जर्मन शिकायला लागले. क्लासमध्ये बाईंनी दुसऱ्या महायुद्धानंतरच्या सिनेमांची एक यादी दिली होती. या सिनेमांना जर्मनमध्ये ‘ट्र्युमरफिल्म’ म्हणतात, म्हणजे ढिगाऱ्यांचे सिनेमे. १९४५ नंतर बॉम्बनी पाडलेली शहरं हाच त्यांचा सेट होता. वेगळा सेट उभारायला पैसे नव्हते आणि गरजही नव्हती. त्या यादीतला एक सिनेमा मी इंग्रजी सबटायटल्ससह पाहिला : ‘लांग इस्ट डेअर वेग’. मराठीत म्हणायचं तर, वाट लांबची आहे.

हा सिनेमा १९४८ सालचा. ज्यूंच्या संहाराकडे ज्यूंच्या नजरेतून पाहणारा जर्मनीत बनलेला हा पहिला कथापट मानला जातो. त्याचा मोठा भाग बव्हेरियातल्या लान्ड्सबर्ग इथल्या निर्वासित छावणीत चित्रित झाला. छळछावण्यांतून वाचलेले, घर-गाव-देश काहीही न उरलेले हजारो ज्यू अमेरिकी सैन्याच्या देखरेखीखाली तिथं राहत होते. हे तेच लान्ड्सबर्ग, जिथल्या तुरुंगात बसून हिटलरनं १९२४ साली ‘माइन काम्फ’ लिहायला घेतलं होतं. चोवीस वर्षांत त्याच गावात ज्यू आपली गोष्ट स्वतः सांगायला कॅमेऱ्यासमोर उभे राहिले.

सिनेमाची मूळ कल्पना इस्राएल बेकर यांची. तेच नायक, डाविड येलिन. बेकर स्वतः त्या काळातून वाचलेले नट, पुढे ते इस्राएलला गेले आणि हाबिमा या नाट्यसंस्थेत काम करू लागले. दिग्दर्शक दोन होते, हर्बर्ट फ्रेडर्सडोर्फ आणि मारेक गोल्डश्टाइन. एक जर्मन, एक पोलिश ज्यू. सिनेमात तीन भाषा बोलल्या जातात : यिडिश, पोलिश आणि जर्मन. वॉर्सातलं येलिन कुटुंब, युद्ध, घेट्टो, मग गाडीत कोंबून छावणीकडे रवानगी. डाविड धावत्या गाडीतून उडी मारतो आणि जंगलातल्या सशस्त्र गटांपर्यंत पोचतो. युद्ध संपतं. आता तो आईला शोधतोय आणि आई त्याला. या शोधात त्याला डोरा भेटते. डोरा जर्मन ज्यू, तिचंही कुणी उरलेलं नाही. ती भूमिका बेटिना मॉयस्सीनं केली, तेव्हा तिचं वय पंचविशीच्या आतबाहेर. माझ्यापेक्षा लहान.

डोराच्या वाट्याला आलेलं काम बघा. यिडिश बोलणाऱ्या या सिनेमात जर्मन ही मारेकऱ्यांची भाषा आहे. पण डोराची मायबोलीही तीच. जी भाषा ऐकली की बाकीच्यांच्या अंगावर काटा येतो, त्याच भाषेत तिला प्रेम करायचंय, दुःख सांगायचंय, धीर द्यायचाय. मला वाटतं, त्या काळच्या जर्मन सिनेमातली ही एक अत्यंत अवघड जागा होती. त्या जागेवर जी उभी राहिली ती आज आपल्यापर्यंत पोचते ती कुणाची तरी बायको म्हणून.

आता लॉग वाचू.

पहिली नोंद तिकीटखिडकीवरची. युद्धानंतरच्या पहिल्या दोन-तीन वर्षांत जर्मन प्रेक्षक गंभीर सिनेमाला अजिबात जात नव्हता असं नाही. १९४६ साली व्होल्फगांग श्टाउडटेचा ‘मारेकरी आपल्यातच आहेत’ आला. युद्धोत्तर जर्मनीचा तो पहिला कथापट आणि त्यानं हिल्डेगार्ड क्नेफला तारका बनवलं. १९४७ साली कुर्ट मेट्झिगचा ‘सावलीतला संसार’ एक कोटीहून जास्त लोकांनी पाहिला. नट योआखिम गॉटशाल्कनं ज्यू पत्नीला सोडायला नकार दिला आणि १९४१ साली त्या दोघांनी मुलासह जीव दिला. त्या खऱ्या घटनेवर तो बेतलेला होता.

पण दोन्ही सिनेमांत मध्यभागी कोण आहे ते पाहा. पहिल्यात सद्सद्विवेकाची टोचणी लागलेला जर्मन डॉक्टर. क्नेफची सुझान छळछावणीतून परत आलेली आहे, पण ती तिथं काय भोगून आली याची सिनेमाला फारशी उत्सुकता नाही. तिचं काम घर आवरायचं, काचा नसलेल्या खिडक्या झाकायच्या आणि त्या डॉक्टरला माणसात आणायचं. दुसऱ्यात एक सज्जन जर्मन नवरा. प्रेक्षक रडले ते बहुतेक स्वतःसारख्याच कुणासाठी. यात गैर काही नाही, माणूस असाच रडतो. पण ‘लांग इस्ट डेअर वेग’मध्ये अशी सोय नव्हती. मध्यभागी डाविड, त्याची आई आणि डोरा. जर्मन प्रेक्षकाला टेकायला जागाच नाही. त्याला प्रेक्षक मिळाले नाहीत. त्याच वर्षी आर्टुर ब्राउनर या ज्यू निर्मात्यानं ‘मोरिटुरी’ काढला, तोही छावणीतून पळालेल्यांचा. त्याला इतका कडवा विरोध झाला आणि तो इतका आपटला की ब्राउनर कर्जात बुडाले आणि ते कर्ज फेडायला त्यांना हलकेफुलके सिनेमे काढावे लागले.

दुसरी नोंद पैशाची. जून १९४८मध्ये पश्चिम जर्मनीत नवं चलन आलं, डॉइच मार्क. एका रात्रीत जुन्या नोटांची किंमत मातीमोल. तोवर लोकांच्या हातात पैसा होता आणि विकत घ्यायला दुकानात काही नव्हतं, म्हणून सिनेमाला जायचे. आता दुकानं भरली आणि खिसे रिकामे झाले. तिकिटाला पैसे मोजायचे तर मग ढिगारे कशाला बघायचे? ते तर दाराबाहेर होतेच. १९५० साली ‘श्वार्त्सवाल्डमेडेल’ आला. रंगीत, हिरवीगार जंगलं, लोकपोशाखातली सोनिया झीमान, गाणी. त्यानंतर दशकभर असल्याच ‘हाइमाटफिल्म’ची लाट. हाइमाट म्हणजे आपलं गाव, आपली माती. ज्यांना त्या मातीतून हाकललं गेलं त्यांचे सिनेमे ज्या वर्षांत डब्यात गेले, त्याच वर्षांत आपल्या मातीचे सिनेमे तुफान चालले. याला योगायोग म्हणायची माझी तयारी नाही.

तिसरी नोंद भूमिकांची. बेटिना मॉयस्सीचे त्यानंतरचे दोन सिनेमे हेल्मुट कॉयटनरचे. ‘सफरचंद पडलं’ हे १९४८चं विडंबन. यातला आदाम हा सफरचंदाच्या रसाचा कारखानदार आहे, दोन बायकांच्या कात्रीत सापडलेला. धर्मगुरूंनी या सिनेमाविरुद्ध बराच गदारोळ केला. बेटिना होती एव्हा, म्हणजे ईव्ह. डोरानंतर तिला मिळालेली भूमिका काय, तर आदामच्या बरगडीतून निघालेली बाई! १९५०चा ‘एपिलोग’ हा रहस्यपट. ‘ऑर्प्लिड’ नावाची आलिशान बोट बुडते, एक पत्रकार त्याचा छडा लावतो. अमेरिकेतून परतलेले फ्रित्स कोर्टनर यात आहेत, पेटर फान आइक आहेत. बेटिनाला दिली होती लेआटा, एक आशियाई वंशाची मूक मुलगी. बोटीवर काय घडलं हे जगायला उरलेल्या तिला माहीत आहे, पण तिला बोलता येत नाही. ती चित्रं काढून सांगते. जर्मन नटीला आशियाई बनवायचं हा त्या काळचा निगरगट्टपणा, तो वेगळा विषय. मला डाचतं ते हे, की दोन वर्षांपूर्वी जी साक्ष देत होती तिला आता साक्षीदारच ठेवलं, फक्त आवाज काढून घेतला. हे कुणी ठरवून केलं असं मी म्हणत नाही. एका देशाला काय ऐकायचं नाहीये, हे त्याच्या पटकथांतून गळतं, एवढंच म्हणते.

१९६० साली तिनं हाइन्त्स बर्गग्रुएनशी लग्न केलं. तो बर्लिनचा ज्यू, १९३६ साली देश सोडून अमेरिकेला गेलेला, नंतर पॅरिसमध्ये गॅलरी काढून नावारूपाला आलेला. १९९६ साली त्यानं पिकासो, क्ले, मातिस यांच्या कलाकृतींचा आपला संग्रह बर्लिनला आणला. ज्या शहरानं हाकललं त्याला तो परत देणं ही मोठीच गोष्ट होती, आणि शार्लोटनबुर्ग राजवाड्यासमोर त्याच्या नावाचं संग्रहालय आहे ते योग्यच. त्या माणसाशी माझं भांडण नाही. तिच्या संसाराशी तर मुळीच नाही. ती सुखात असेल. असो.

इथं तुमच्यातलं कुणीतरी म्हणेल, अगं पण तीनच तर सिनेमे! तीन सिनेमे करून बाई थांबली, तर जग तिला किती लक्षात ठेवणार? नवरा एवढा मोठा नसता तर तुला तिचं नावही सापडलं नसतं.

खरं आहे. शेवटचं तर अगदीच खरं. ती महान अभिनेत्री होती असा माझा दावाच नाही. दर दोन महिन्यांनी कुणीतरी एखादी जुनी नटी उकरून काढतं आणि ‘काळाच्या पुढची’ असं लेबल डकवतं, तसलं मला करायचं नाही. माझं म्हणणं एवढंच आहे की नोंद चुकीची लिहिली आहे. कमी लिहिली असती तर मी गप्प बसले असते. ‘जर्मन अभिनेत्री. संहाराची गोष्ट ज्यूंच्या बाजूनं सांगणाऱ्या पहिल्या जर्मन कथापटाची नायिका.’ एवढी एकच ओळ लिहून पूर्णविराम दिला असता तरी ती नोंद पुरी होती. ती ओळ तिची आहे. बाप, नवरा, मुलं यांपैकी कुणीही ती कमावून दिलेली नाही.

आणि ही गोष्ट एकट्या बेटिनाची नाही. त्या काळातल्या आणखी दोघींना बघा.

सिबिले श्मिट्स. १९०९चा जन्म. कार्ल ड्रायरच्या ‘व्हॅम्पायर’मध्ये १९३२ साली होती. तीसच्या दशकातली मोठी नटी. युद्धानंतर कामं आटली, तरी १९४७च्या ‘काल आणि उद्याच्या मध्ये’ या सिनेमात तिनं ज्यू स्त्रीची भूमिका केली. त्याच सिनेमात नवखी क्नेफही आहे. १९५५ साली म्युनिकमध्ये झोपेच्या गोळ्या घेऊन ती गेली. तिला मॉर्फिन लिहून देणाऱ्या डॉक्टरबाईवर खटला चालला. १९८२ साली फासबिंडरनं त्या शेवटावरून प्रेरणा घेऊन ‘फेरोनिका फोसची तळमळ’ काढला, बर्लिन महोत्सवात त्याला सुवर्ण अस्वल मिळालं. सिनेमा उत्तमच आहे. पण आज सिबिले श्मिट्स शोधायला गेलात तर आधी भेटतो तो तिचा मृत्यू. तिथून मागे मागे चालत गेलात तर, दमला नाहीत तर, तिचं काम.

दुसरी इल्झे श्टेपाट. ‘सावलीतला संसार’मधली ती पत्नी हीच. एक कोटीहून जास्त जर्मनांना जिनं अंधारात बसून रडवलं ती. आज ती कोण? १९६९च्या बाँडपटातली खलनायिका इर्मा बुंट. तो सिनेमा प्रदर्शित झाला आणि काही दिवसांतच ती वारली.

म्हणजे बाईला लक्षात ठेवण्याचे आपल्याकडे तीन डबे आहेत : नातं, मरण, नाहीतर एखाद्या गाजलेल्या पुरुषाच्या सिनेमातला कोपरा. तीनपैकी एकात बसत असेल तर या, नाहीतर विस्मृतीत जा. क्नेफ यातून वाचली, कारण तिनं १९७० साली स्वतःचं पुस्तक लिहिलं आणि ते धडाक्यात खपलं. आपल्या हंसा वाडकरांनाही याच कारणासाठी कुणी फक्त शोकांतिकेत कोंबू शकत नाही. ‘भूमिका’ पाहून झाल्यावर ‘सांगत्ये ऐका’ उघडता येतं आणि बाईंचा स्वतःचा आवाज ऐकता येतो. सिबिलेच्या बाबतीत फासबिंडर संपला की पुढे शांतता. स्वतःचं स्वतः लिहून ठेवलं नाही तर दुसरे लिहितील, हे सांगायला सोपं आहे. पण प्रत्येक बाईनं आत्मचरित्र लिहायचं, तेव्हाच तिची नोंद नीट होणार, ही अट पुरुषांना आपण कधी घातली होती?

‘पण हे तर अल्गोरिदम करतो.’ हे वाक्य मी ऑफिसात, घरात, लग्नात, सगळीकडे ऐकते. लोक ज्याला जास्त शोधतात ते वर येतं, त्यात कुणाचा काय दोष? हे बोलणाऱ्यांना मी एवढंच सांगेन की मी तुमच्या त्या अल्गोरिदमच्या मागच्या खोलीत काम करते. तिथं देव बसलेला नाही. तिथं माझ्यासारखी पोरं बसलेली आहेत, जेवणानंतर डोळे मिटायला लागलेली, आणि शुक्रवारच्या आत काम संपवायचंय म्हणून मागच्या प्रोजेक्टमधलं टेबल कॉपी करणारी. माणसाच्या नोंदीत कोणते रकाने असावेत, कोणता आधी दिसावा, कोणता रिकामा सोडलेला चालेल, हे कुणीतरी ठरवतं. ज्याच्याकडे जास्त धागे येतात तो मोठा, हा नियमही कुणीतरी ठरवतं. कलाव्यापाऱ्याकडे हजार धागे येणार, कारण त्याच्या चित्रांना हजार संग्रहालयं जोडलेली आहेत. चालला नाही अशा सिनेमाकडे धागे कुठून येणार? म्हणजे १९४८ साली तिकीटखिडकीवर जे झालं त्याचंच आज आपण पाढे म्हटल्यासारखं पुन्हा पुन्हा गणित करतोय, आणि उत्तर तेच आलं की म्हणतोय, बघा, मशीन निष्पक्ष आहे.

आता माझी स्वतःची चूक.

तीन वर्षांपूर्वी एका प्रोजेक्टमध्ये मी नोंदणीचा फॉर्म लिहिला. त्यात एक रकाना होता, ‘वडिलांचे/पतीचे नाव’. जुन्या कागदी फॉर्मवर होता म्हणून मी तो तसाच उचलला आणि अनिवार्य केला. लाल फुली. भरल्याशिवाय पुढे जाता येत नाही. कुणी सांगितलं नव्हतं, कुणी विचारलंही नाही. रिव्ह्यूत तिघांनी बघितलं, तिघांनी हिरवा टिक दिला. त्यात मी धरून दोन बायका होत्या.

मागच्या वर्षी माझं लग्न झालं. नाव बदलायचं नाही असं आमचं आधीच ठरलं होतं, नवऱ्याचंही काही म्हणणं नव्हतं. मग एका पोर्टलवर पत्ता बदलायला गेले. ‘विवाहित’ निवडल्याबरोबर वडिलांचं नाव गायब झालं आणि तिथं पतीचं नाव मागणारा रकाना आला. लाल फुलीसह. तो भरला तर माझ्या नावाच्या मधोमध नवऱ्याचं नाव आपोआप बसत होतं. अठ्ठावीस वर्षं माझ्या नावात असलेला बाप एका ड्रॉपडाउननं काढून टाकला. मी चिडून आईला फोन केला. आई हसली. म्हणाली, “अगं, माझं तर नावही बदललं होतं लग्नात. तुला निदान पहिलं तरी ठेवू दिलं की त्यांनी.” मी काहीच बोलले नाही. आईचं माहेरचं नाव मला ठाऊक होतं, पण ते कोणत्याही कागदावर मी कधी पाहिलेलं नव्हतं.

ते पोर्टल मी लिहिलेलं नव्हतं. पण ते ज्यानं लिहिलं असेल तो माझ्यासारखाच असणार, शुक्रवारच्या घाईत. महाराष्ट्रात १ मे २०२४ नंतर जन्मलेल्या मुलांच्या नावात आईचं नाव लावणं सक्तीचं झालंय, वडिलांच्या आधी. म्हणजे रकाना बदलता येतो. एका बैठकीत बदलता येतो. ‘पहिल्यापासून असंच आहे’ हे उत्तर खोटं आहे, हे सरकारनंच सिद्ध करून दाखवलंय.

कुणी म्हणेल, मग नाती लिहूच नयेत का? मी असंच म्हणणार होते. पण तो सिनेमा मला तसं म्हणू देत नाही.

युद्ध संपल्यावर लान्ड्सबर्गसारख्या छावण्यांत वाचलेल्यांच्या याद्या करायला सुरुवात झाली. अब्राहम क्लाउसनर नावाच्या अमेरिकी सैन्यातल्या राब्बीनं १९४५मध्ये ‘शेरित हा-प्लेटा’ या नावानं अशा याद्या छापायला घेतल्या. शेरित हा-प्लेटा म्हणजे वाचून उरलेले. लोक त्या याद्यांवर बोट फिरवत आपलं माणूस शोधायचे. तिथं कुणाची मुलगी, कुणाची आई, कोणत्या गावची हे सगळं जीव लावून बघितलं जायचं, कारण तोच एक धागा उरला होता. सिनेमातली आई मनानं कोलमडलेली, इस्पितळात आहे, आणि डाविड तिच्यापर्यंत पोचतो तो याच नात्याच्या धाग्यानं. त्या याद्यांमध्ये ‘अमुकची आई’ लिहिलं म्हणजे बाई पुसली जात नव्हती, सापडत होती.

तेव्हा प्रश्न नात्याचा नाही. नातं कोणत्या दिशेनं लिहिलंय याचा आहे. त्या याद्यांमध्ये नात्याचा धागा धरून माणूस तिच्यापर्यंत येत होता. आजच्या नोंदीत नात्याचा धागा धरून माणूस तिच्यापासून निघून जातो, बापाकडे, नवऱ्याकडे, मुलाकडे. ती फक्त वाटेतलं स्टेशन. गाडी तिथं अर्धा मिनिट थांबते.

म्हणून माझ्या मागण्या साध्या आहेत आणि तुमच्याकडेच आहेत, कारण नोंदी आता आपणच लिहितो. मुक्त ज्ञानकोशात, रीलच्या कॅप्शनमध्ये, चाळिशीतल्या मावशीच्या वाढदिवसाच्या पोस्टमध्येसुद्धा.

एक, बाईबद्दलचं पहिलं वाक्य तिनं काय केलं त्याचं असू दे. नाती खुशाल लिहा, पण दुसऱ्या वाक्यापासून. दोन, तिच्या मृत्यूनं सुरुवात करू नका. तीन, ‘विस्मृतीत गेली’ लिहायला बोट उचललंत की थांबा आणि कर्ता शोधा. तिकिटं कुणी काढली नाहीत? सिनेमा कुणी डब्यात घातला? रकाना कुणी बनवला? कर्ता सापडला नाही तर वाक्य लिहू नका. चार, आणि हे माझ्या धंद्यातल्यांसाठी : पुढच्या वेळी एखाद्या रकान्यावर लाल फुली मारताना शेजारच्याला विचारा की हा का अनिवार्य आहे. ‘आधीच्या फॉर्ममध्ये होता’ हे उत्तर चालणार नाही.

मी माझ्या त्या जुन्या फॉर्मसाठी तिकीट टाकलंय. त्यात लिहिलंय, रकाना ऐच्छिक करावा आणि नाव ‘पालक किंवा जोडीदार, हवे असल्यास’ असं करावं. कामाचा अंदाज : दोन तास. प्राधान्य : खालचं. चार महिने झाले, अजून ते कुणी उचललेलं नाही. मी दर सोमवारी मीटिंगमध्ये त्याचा नंबर वाचून दाखवते. सगळे मान डोलावतात. मॅनेजर म्हणतो, “पुढच्या स्प्रिंटला बघू.”

पुढच्या सोमवारीही वाचणार आहे.